फुजिमोटोचा ‘नाही’ही मुलांना सांगा

शाळांमधल्या प्रेरणादायी भाषणांत जपानी जिम्नॅस्ट शुन फुजिमोटो हमखास भेटतो. १९७६चे मॉन्ट्रियल ऑलिम्पिक, पुरुषांची सांघिक स्पर्धा. फ्लोअरवरच्या कसरतीत त्याच्या गुडघ्याची वाटी फुटली. सहकाऱ्यांना पत्ता लागू न देता त्याने पॉमेल हॉर्सवर ९.५ आणि रिंग्जवर ९.७ गुण मिळवले. रिंग्जवरून तो त्याच पायावर उतरला आणि दुखापत आणखी वाढली. डॉक्टरांनी त्याला थांबवले. उरलेल्या पाच जणांनी झुंज दिली आणि सोव्हिएत संघाला अवघ्या ०.४ गुणांनी मागे टाकून जपानने सलग पाचवे सांघिक सुवर्ण जिंकले.

टाळ्या इथे पडतात आणि वक्ते खाली बसतात. पुढचे कुणी सांगत नाही. ते फुजिमोटोचे एकमेव ऑलिम्पिक ठरले. पुन्हा असे कराल का, असे पुढे विचारल्यावर त्याने चक्क ‘नाही’ म्हटले.

त्याची जिद्द मी नाकारत नाही. पण तो सव्वीस वर्षांचा जाणता खेळाडू होता. आपल्यासमोर बसतात ती बारा वर्षांची मुले. दुखणे लपवणे म्हणजे शौर्य, हे त्यांच्या मनात बसले, तर सुजलेला पाय घेऊन मूल कबड्डीत उतरेल आणि विचारल्यावर म्हणेल, “काही नाही झालं, सर.” मग दुखते आहे हे आपल्याला कळणार कसे?

गोष्ट जरूर सांगा, पण त्या ‘नाही’सकट सांगा. दुखतंय म्हणून सांगायलाही हिंमत लागते.