राव म्हणजे भाषा

गेल्या दिवाळीत आमच्याकडे फराळाला एक पाहुणा होता. आमच्याच कॉलेजातला, वसतिगृहात राहणारा विद्यार्थी. सुट्टी थोडी आणि घर पार कोक्राझारला. बिचाऱ्याची सारी सुट्टी आगगाडीतच जायची. म्हणून मी म्हटले, "ये आमच्याकडेच." आमच्या हिने त्याच्यापुढे चकल्यांची बशी ठेवली आणि मी मोठ्या कौतुकाने ओळख करून दिली, "हा आमचा आसामी विद्यार्थी. आता हा आपल्याला एक आसामी गाणे म्हणून दाखवणार!"

मुलगा लाजला. मग हळूच म्हणाला, "सर, मी आसामचा आहे, पण माझी भाषा आसामी नाही. मी बोडो आहे."

मराठीचा प्राध्यापक म्हणवणारा मी! चकली घशातच अडकली. माझी अवस्था पाहून त्यालाच दया आली असावी. त्याने मोबाइलवर आलेला आईचा निरोप माझ्यापुढे धरला. पाहतो तो लिपी चक्क देवनागरी! मी घडाघडा वाचून दाखवला. सगळी अक्षरे माझी आणि शब्द मात्र एकही माझा नाही. एकच ओळखीचा वाटला. मी विचारले, "हे राव कोण रे? तुमचे कुणी नातेवाईक?"

तो मनापासून हसला. "सर, राव म्हणजे भाषा. आई विचारते आहे, तिथे आपल्या भाषेत बोलायला कुणी आहे का."

आम्ही नावापुढे 'राव' लावून माणसाला मान देतो. त्यांच्याकडे तो मान भाषेलाच आहे म्हणायचा! पण गंमत तेवढ्यापुरतीच. पाहुणा गेल्यावर मी पुस्तके उघडली, आणि त्या साध्या प्रश्नामागे केवढा इतिहास उभा आहे ते ध्यानात आले.

आसामीचे दुःख आधी सांगायला हवे. 1836 साली इंग्रजांनी आसामच्या कचेऱ्यांत आणि शाळांत बंगाली आणली. आसामी ही बंगालीचीच एक बोली, असा समज त्यामागे होता. आनंदराम ढेकियाल फुकन या तरुण अधिकाऱ्याने 1855 साली इंग्रजीत पुस्तिका लिहून आसामीची बाजू मांडली. अमेरिकन मिशनऱ्यांनीही, 1846 पासून शिवसागरहून 'अरुणोदय' मासिक काढून, त्या भाषेला आधार दिला. अखेर 1873 साली आसामीला तिची जागा परत मिळाली. फुकन मात्र 1859 सालीच, अवघ्या तिशीच्या आत, वारले होते. आपल्याच घरात परकी ठरलेली भाषा ही अशी.

ही जखम उरात असलेल्या लोकांनी, स्वराज्य आल्यावर, आपल्या भाषेला राज्यभाषेचा मान मागितला तर त्यात नवल ते काय? आपणही 1960 च्या मे महिन्यात मराठीचे राज्य मिळवले, ते सुखासुखी नव्हे. त्याच वर्षी 24 ऑक्टोबरला आसाम विधानसभेने राजभाषेचा कायदा संमत केला.

पण आसामात एकटी आसामी नांदत नाही. खासी-गारो डोंगरातले लोक या कायद्याने बिथरले. पुढे 1972 साली मेघालय हे वेगळे राज्य झाले, त्याच्या कारणांत हेही एक होते. दक्षिणेला बराक नदीच्या खोऱ्यात, काछाड भागात, बहुसंख्य लोक बंगाली बोलणारे. त्यांनी सत्याग्रह मांडला. 1961 च्या 19 मे रोजी सिल्चरच्या रेल्वे स्टेशनावर पोलिसांनी गोळ्या झाडल्या आणि अकरा जीव गेले. त्यांत कमला भट्टाचार्य नावाची सोळा वर्षांची मुलगी होती. तिची मॅट्रिकची परीक्षा नुकतीच संपली होती. मॅट्रिकला बसलेल्या मुलीचे घर कसे असते हे तुम्हाआम्हाला काय सांगायला हवे? निकालाची वाट पाहणारे ते घर माझ्या डोळ्यांपुढून हलेना.

त्यानंतर, त्याच वर्षी, कायद्यात दुरुस्ती झाली. काछाडमध्ये जिल्हा पातळीपर्यंतचा कारभार बंगालीत चालेल, असे ठरले. चार ओळींचे कलम! ते आधीच लिहिले असते तर?

आणि बोडो? त्यांची साहित्य सभा 1952 सालची. 1963 साली त्यांच्या प्राथमिक शाळांत त्यांची भाषा आली. मग वाद लिपीचा. 1974-75 मध्ये रोमन लिपीसाठी आंदोलन पेटले, तिथेही माणसे बळी पडली, आणि 1975 साली तडजोड म्हणून देवनागरी स्वीकारली गेली. मी जी अक्षरे घडाघडा वाचली ती अशी आली होती. 2003 सालच्या घटनादुरुस्तीने बोडोला आठव्या अनुसूचीत स्थान मिळाले आणि 2020 साली आसामच्या विधानसभेने तिला सहराजभाषा केले.

2024 च्या 3 ऑक्टोबरला मराठीला अभिजात दर्जा मिळाला, तेव्हा आम्ही स्टाफरूममध्ये पेढे वाटले. त्याच दिवशी, त्याच निर्णयात, आसामी आणि बंगालीही होत्या. एकेकाळी कचेरीच्या एकाच खुर्चीवरून भांडलेल्या या दोघी आज एका पंगतीला बसल्या, हे मला पेढा खाताना सुचलेही नव्हते.

मला वाटते, भाषेच्या कायद्याची परीक्षा त्यातल्या पहिल्या कलमावरून करू नये. पहिल्या कलमात प्रत्येक जण आपल्या आईचे नाव लिहितो. शेजाऱ्याच्या आईसाठी पुढे कुठे जागा ठेवली आहे, ते पाहावे. ज्याला स्वतः लागलेले असते, त्याला दुसऱ्याचे दुःख आधी कळायला हवे. पण माणसाचे मन असे विचित्र की हाती सत्ता आली की स्वतःची जखम तेवढी आठवते.

हे मी आसामला शिकवण्यासाठी लिहीत नाही. काही वर्षांपूर्वी मेळघाटातून आलेली एक मुलगी माझ्या वर्गात होती. तिच्या निबंधात लिंग-वचनाच्या चुका फार. मी लाल शाईने शेरा दिला होता, "घरी शुद्ध मराठी बोलत जा." ती काही बोलली नाही. वही घेऊन खाली मान घालून गेली. तिच्या घरी कोरकू बोलतात, हे मला वर्ष संपताना कळले, तेही दुसऱ्याकडून.

यंदाही तो कोक्राझारचा मुलगा फराळाला येणार आहे. ही म्हणाली, "या वेळी गाणं म्हणायला लावू नका हो त्याला." मी म्हटले, "नाही लावत. दोन वाक्ये शिकवायला सांगणार आहे."

त्याच्या आईच्या प्रश्नाचे उत्तर अजून द्यायचे राहिले आहे ना!