पद मंजूर करणार कोण?

कंत्राटी किंवा रोजंदारीवरचा कर्मचारी ‘कायम करा’ म्हणत कोर्टाची पायरी चढला, की सरकारी उत्तर ठरलेलं असतं: मंजूर पदच नाही, तर कायम कुठे करणार? उत्तर बिनतोड वाटतं. पण कोणत्या खात्यात किती पदं, हा आकृतिबंध ठरवतं सरकार, पदांना मान्यता देतं सरकार, आणि पद नाही म्हणून हात वर करतं तेही सरकारच.

या उत्तराला आधार दाखवला जातो तो उमादेवी प्रकरणाचा. १० एप्रिल २००६ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितलं, की जाहिरात आणि स्पर्धा टाळून मागच्या दाराने आलेल्यांना निव्वळ बरीच वर्षं झाली म्हणून कायम करता येणार नाही. निकाल योग्यच होता. पण त्याच निकालाचा परिच्छेद ५३ सरकारी वकील सहसा घाईने उलटतात. नेमणूक अनियमित आहे पण बेकायदा नाही, आणि कोर्टाच्या आदेशाच्या टेकूशिवाय मंजूर पदावर दहा वर्षं भरली आहेत, अशांना एकदाच सामावून घ्या आणि रिकाम्या पदांची नियमित भरती सुरू करा, असं तिथे बजावलं होतं. त्यासाठी सहा महिन्यांची मुदतही घातली होती.

पुढे काय झालं? अकरा महिन्यांची ऑर्डर, मध्ये एखाद्या दिवसाचा तांत्रिक खंड, पुन्हा तीच खुर्ची, तेच रजिस्टर. ऑर्डरच्या तळाशी अट: ‘या नेमणुकीच्या आधारे कायम सेवेचा हक्क सांगता येणार नाही.’ काम बारमाही, माणूस मात्र हंगामी.

उत्तर प्रदेशच्या उच्च शिक्षण सेवा आयोगात १९८९ ते १९९२ दरम्यान रोजंदारीवर लागलेल्या कर्मचाऱ्यांचं प्रकरण या दृष्टीने वाचण्यासारखं आहे. आयोग स्वतःच पदं मागत होता. राज्य सरकारने आर्थिक अडचणीचं कारण देऊन १९९९मध्ये नकार दिला, २००३मध्ये पुन्हा दिला. ऑगस्ट २०२५मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ही सबब नाकारली. गरज पडल्यास अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येपलीकडची, पदं निर्माण करा, पण २००२पासून त्यांना नियमित करा, असा आदेश झाला. पद नाही, हे उत्तर तिथे पुरलं नाही.

महाराष्ट्रात कामगाराच्या हाती आणखी एक हत्यार आहे. वर्षानुवर्षं बदली किंवा हंगामी ठेवून कायमपणाचे लाभ नाकारणं ही राज्याच्या १९७१च्या कायद्यानुसार अनुचित कामगार प्रथा ठरते. उमादेवी निकालानंतरही औद्योगिक न्यायालयाचा हा अधिकार शाबूत आहे, हे २००९मध्ये एसटीच्या सफाई कामगारांच्या प्रकरणात स्पष्ट झालं. पण पदं निर्माण करणं कोर्टाचं काम नव्हे, असंही त्याच निकालात आहे. म्हणजे गाडी पुन्हा आकृतिबंधापाशीच अडते. सरकारने मनात आणलं तर वाट निघते, हे १९६७च्या कालेलकर करारात दिसलं होतं. सार्वजनिक बांधकाम आणि पाटबंधारे खात्यांतल्या रोजंदार मजुरांना सलग पाच वर्षांच्या सेवेनंतर रूपांतरित नियमित अस्थायी आस्थापनेवर घेण्याची सोय त्यात होती.

पुण्यातल्या अभ्यासिकांत जाहिरातीची वाट पाहत बसलेली मुलं विचारतील: मग आमचं काय? आरक्षणाच्या बिंदुनामावलीचं काय? प्रश्न रास्त आहे. वशिल्याने चिकटलेल्याला अभय मिळता कामा नये. पण जाहिरात निघत नाही म्हणून हा मुलगा ताटकळतो आणि त्याच कारणाने तो कंत्राटी कर्मचारी लटकतो. दोघांना एकमेकांवर सोडून बचत होते ती तिजोरीची.

म्हणून बारमाही कामासाठी कायद्यानेच मुदत घालावी. तेवढ्या काळात पद मंजूर व्हावं, आरक्षण पाळून भरती व्हावी, आधीपासून राबणाऱ्यांना वयाची सवलत आणि अनुभवाचे गुण मिळावेत. मुदत उलटली आणि काम चालूच राहिलं, तर ‘मंजूर पद नाही’ हा बचाव त्या खात्याला कोर्टात मांडताच येऊ नये.