छप्पर नाही म्हणून लेकरू परके?

एका रविवारी मिस्सानंतर एक माता भेटावयास आली. पती निवर्तलेला, खोलीचे भाडे थकलेले, संसार पदपथावर आलेला. मुलीला बालगृहात दाखल करण्यात आले होते. ती म्हणाली, "फादर, मी तिला कधी मारलं नाही, टाकलं नाही. मग माझी पोर माझ्याजवळ का नाही?" माझ्यापाशी उत्तर नव्हते. कायद्यापाशी तरी आहे काय?

ज्याला घर वा निश्चित निवारा नाही आणि उदरनिर्वाहाचे उघड साधन नाही, असे बालक २०१५ च्या बाल न्याय अधिनियमानुसार काळजी व संरक्षणाची गरज असलेले ठरते. संस्थेत ठेवणे हा अखेरचा उपाय होय, असे हाच कायदा सांगतो. बालकाला त्याच्या कुटुंबात परत पोहोचविणे हे बालगृहाचे प्रमुख उद्दिष्ट होय, असेही तो बजावतो. तत्त्वे थोर आहेत. परंतु पोहोचवायचे कोठे? प्रायोजकत्वाच्या कलमात औषधोपचार, पोषण, शिक्षण यांची नावे आहेत. निवाऱ्याची बोळवण 'इतर गरजा' या दोन शब्दांत झाली आहे. 'मिशन वात्सल्य' योजनेतील दरमहा ४,००० रुपयांतून वह्यापुस्तके येतील. खोलीची अनामत रक्कम कोठून यावी? बेघरपणा हे बालकाला संस्थेत आणण्याचे कारण ठरू शकते, तर घर मिळवून देणे हा त्याला परत नेण्याचा मार्ग का ठरू नये?

हे अशक्य कोटीतील नव्हे. अमेरिकेत १९९० च्या गृहनिर्माण कायद्याने नेमके हेच केले. पुरेशा घराअभावी ज्यांचे मूल दुरावण्याच्या बेतात आहे किंवा परत येण्याचे खोळंबले आहे, अशा कुटुंबांना बालकल्याण यंत्रणेच्या शिफारशीने घरभाड्याचे साहाय्य मिळते. ते सर्व गरजूंना पुरत नाही, हे खरे. तरी घर हे बालकल्याणाचेच साधन होय, हे तेथे कायद्याने मान्य केले.

कोणी म्हणेल, संस्थेत मुलांना दोन वेळचे अन्न मिळते, शाळा मिळते. मिळते, आणि तेथे झिजणाऱ्या धर्मभगिनींपुढे मी नतमस्तक आहे. जेथे मुलाचा छळ होतो, तेथे त्याला दूर नेलेच पाहिजे. परंतु दारिद्र्य म्हणजे छळ नव्हे. दारिद्र्यावर ताटातुटीचा उतारा देणे हा न्याय नव्हे, दयाही नव्हे.

आता बोट स्वतःकडे वळवू या. पोप जॉन पॉल दुसरे यांनी १९८१ सालीच कुटुंबाच्या हक्कांत योग्य निवाऱ्याचा हक्क गणला होता. आपण मात्र बालगृहातील लेकरांना नाताळात खाऊ वाटून समाधान पावतो. त्यांच्यापैकी किती जणांची आई केवळ एका खोलीअभावी बाहेर उभी आहे, हे आपण कधी विचारले काय? एका खोलीची अनामत रक्कम एखाद्या धर्मग्रामाला खरोखरच जड आहे काय? सणाच्या रोषणाईला तर ती कधी जड गेली नाही!

बेथलेहेमात पवित्र कुटुंबाला उतारशाळेत जागा मिळाली नाही. म्हणून बाळ येशूला मरियेच्या कुशीतून काढून कोणी सुरक्षित स्थळी नेले नाही. गोठा का होईना, निवारा तिघांना मिळून लाभला. दर नाताळात आपण तो गोठा हौसेने उभारतो. यंदा त्याचा अर्थही उभारू या.