उचल, बस्ता आणि नोंदणीचा कागद

माजलगावच्या परिसरात अनेक घरांतल्या लग्नाची तारीख पंचांगाआधी साखर कारखान्यांचा हंगाम ठरवतो. तुळशीचं लग्न लागलं की बाकी महाराष्ट्रात कार्यालयं आणि बँडवाले गाठायची धांदल उडते. इथली ऊसतोड कुटुंबं मात्र तोवर पश्चिम महाराष्ट्रात, नाहीतर कर्नाटकात फडावर पोचलेली असतात. हंगाम संपून पट्टा पडल्यावर माणसं परततात ती उन्हाळ्याच्या तोंडावर, म्हणून सगळी कार्यं एप्रिल-मेच्या तिथींवर येऊन पडतात. मग पाण्याचा टँकर कोण सांगणार, इथपासून सुरुवात. खरा घोर पैशाचा. बस्ता, मांडव, जेवणावळ यांसाठी मुकादमाकडून उचल घेतली, तर ती पुढच्या हंगामात अंगमेहनतीनं फेडायची, आणि नवरा-बायको मिळून एक कोयता धरला जातो. या हिशेबापायी अठरा वर्षं भरायच्या आत मुलींना बोहल्यावर चढवलं जातं, हे चीड आणणारं आहे. २००६ च्या कायद्यानं तो गुन्हा आहे. लग्न लावणारेही त्यातून सुटत नाहीत. एवढ्या धावपळीत विवाह नोंदणी हटकून राहते. १९९८ च्या राज्य कायद्यानुसार वयाचे दाखले, लग्नपत्रिका आणि तीन साक्षीदारांच्या सह्या जोडून ९० दिवसांच्या आत ती करायची असते. पुढे रेशनकार्ड, बँक, वारसा, सगळीकडे तोच कागद मागतात. साक्षीदार गावात आहेत तोवर, हळद उतरायच्या आधीच नव्या जोडप्यांनी ग्रामपंचायत किंवा नगरपरिषद गाठावी.