बोजे उतरवा, वारस नव्हे

सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात दोन पिढ्यांपूर्वीचा तगाईचा (सरकारी शेतकर्जाचा) बोजा आजही दिसतो. कर्ज घेणारा हयात नाही, ते वसूल करायला कुणी येणार नाही. ओळ मात्र जागची हललेली नाही. त्याच उताऱ्यावर एका नावापुढे ‘अ.पा.क.’ (अज्ञान पालनकर्ता), दुसऱ्यापुढे ‘ए.कु.मॅ.’ (एकत्र कुटुंब मॅनेजर). बुलढाणा जिल्ह्यात सुरू होऊन १ एप्रिल २०२५ पासून राज्यभर लागू झालेली ‘जिवंत सातबारा’ मोहीम आधी मृत खातेदारांच्या वारस नोंदींकडे आणि पुढे अशा कालबाह्य नोंदींकडे वळली, हे योग्यच झाले. मात्र या साऱ्या नोंदी एका मापाने मोजू नयेत. फिटलेला बोजा पुसल्याने कुणाचे काही जात नाही. ‘ए.कु.मॅ.’चे तसे नाही. वडिलांच्या पश्चात थोरल्या मुलाचे नाव एकत्र कुटुंबाचा कर्ता म्हणून लागले, धाकटे भाऊ आणि बहिणी उताऱ्यावर आल्याच नाहीत. आता नुसता शेरा काढला आणि नाव तसेच ठेवले, तर कर्ता कागदोपत्री एकटा मालक होतो.

नवी मुंबईत या चुकीची किंमत फार मोठी आहे. १९७० मध्ये सिडको हे सरकारी महामंडळ स्थापन झाले आणि ठाणे, पनवेल, उरण तालुक्यांतील ९५ गावांच्या जमिनींवर नवे शहर आखले गेले. १९८४ मध्ये दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालील, जमीन गेलेल्या शेतकऱ्यांच्या आंदोलनात पाच जणांनी प्राण दिले. त्या लढ्यातून पुढे, गेलेल्या जमिनीच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड देण्याची योजना आली. या भूखंडावर हक्क कुणाचा, हे ठरवताना मूळ खातेदार आणि त्याचे वारस कोण, हेच पाहावे लागते. जमीन गेली तरी तिचे जुने उतारे आणि फेरफार म्हणूनच इथे जपून ठेवले जातात.

यावर कुणी म्हणेल, सातबारा हा मालकीचा पुरावाच नाही, तो महसुली अभिलेख आहे. न्यायालयांनीही हे वारंवार सांगितले आहे. खरे आहे. पण जमीन महसूल संहितेच्या कलम १५७ प्रमाणे अभिलेखातील नोंद, विरुद्ध सिद्ध होईपर्यंत, खरी धरली जाते. वगळलेल्या बहिणीला मग ती खोटी ठरवण्यासाठी स्वतःच्या खर्चाने दावा लढावा लागतो. दुसरा आक्षेप विलंबाचा: वारस गावोगाव विखुरलेले, प्रत्येकाला नोटीस द्यायची तर मोहीम रेंगाळेल. म्हणूनच दोन वाटा हव्यात. तगाई, बंडिंग (बांधबंदिस्ती) यांसारखे सरकारी बोजे सरकारनेच आपल्या दप्तरावरून तपासून, अर्जाची वाट न पाहता काढावेत. ‘अ.पा.क.’ शेरा, तो अज्ञान वारस सज्ञान झाल्याची आणि त्याचे स्वतःचे नाव खातेदार म्हणून लागल्याची खात्री करून काढावा. ‘ए.कु.मॅ.’ मात्र सर्व वारसांना नोटीस देऊन, मुलींसह सगळ्यांची नावे एकाच फेरफाराने चढवूनच हटवावा. वाद निघाला तर शेरा तसाच राहू द्यावा.

किती नोंदी काढल्या, एवढ्यावरच तलाठी आणि मंडळ अधिकाऱ्यांचे काम मोजू नये; किती वारसांची नावे चढली, हेही विचारावे. वाचकांनीही घरचा उतारा आजच काढून पाहावा आणि ‘ए.कु.मॅ.’ दिसला, तर तो हटण्याआधी बहिणींसह सर्व वारसांच्या नोंदीसाठी अर्ज द्यावा.