मदीनेच्या वाटेवरचा काळा दगड

उमरा किंवा हज करून आलेली मंडळी मदीना शरीफच्या आठवणी सांगू लागली की त्यात एक गोष्ट हमखास येते. शहराच्या आजूबाजूला काळ्या दगडांची रानेच्या राने पसरली आहेत आणि तो दगड अगदी आपल्याकडच्या कातळासारखा दिसतो. सांगणाऱ्याला स्वतःलाच तो भास वाटतो. पण तो भास नाही. तो बेसॉल्ट आहे, आणि आपल्या विहिरींच्या तळाशी, दौलताबादच्या किल्ल्यात, विजापूरच्या गोल घुमटाच्या भिंतींत आहे तोही बेसॉल्टच. फरक आहे तो वयाचा. आपला दगड सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. मदीनेजवळचा काही दगड मात्र दिल्लीच्या तख्तावर नासिरुद्दीन महमूद बसलेला असताना जमिनीतून वर आलेला.

अशा काळ्या दगडी प्रदेशाला अरबीत ‘हर्रा’ म्हणतात. मदीनेच्या पूर्वेलाही हर्रा आहे आणि पश्चिमेलाही. दक्षिणेला मक्केच्या दिशेने तर ‘हर्रत रहात’ नावाचा पट्टा तीनशे किलोमीटरच्या आसपास पसरला आहे. खंदकाच्या लढाईत, हिजरी ५ मध्ये, खंदक शहराच्या उत्तरेलाच का खणला, असे मुले विचारतात. बाकीच्या बाजूंना खजुरांच्या दाट बागा होत्या आणि हे हर्रे होते. धारदार, खडबडीत दगडांवरून घोडदळ धावू शकत नाही. म्हणजे त्या लढाईत शिलारसाचाही थोडा वाटा होता, असे आम्ही वर्गात सांगतो.

हिजरी ६५४ च्या जमादिउल आखिर महिन्यात, म्हणजे जून १२५६ च्या अखेरीस, मदीनेची जमीन हादरू लागली. धक्क्यांमागून धक्के येत राहिले. लोक मस्जिदे नबवीत जमले, तौबा करू लागले. मदीनेच्या अमिरांनी आपले गुलाम मुक्त केले आणि लोकांकडून घेतलेला माल ज्याचा त्याला परत केला. मग शहराच्या आग्नेयेला जमीन फाटली आणि आग वर आली. हे सारे मदीनेच्या लोकांनी दमास्कसला पाठवलेल्या पत्रांत लिहिले आहे. इतिहासकार अबू शामा यांनी ती पत्रे नोंदवून ठेवली, पुढे इब्ने कसीर यांनीही ती आपल्या इतिहासात घेतली. हदीस शरीफमध्ये हिजाजच्या आगीचा जो उल्लेख आहे तो आणि ही आग, यांचा संबंध इमाम नववी यांच्यासारख्या त्याच काळातल्या आलिमांनी सांगितला आहे. तो विषय आलिमांचा. आम्ही इथे फक्त दगडाकडे पाहणार आहोत.

त्या पत्रांतले एक निरीक्षण आम्हाला फार आवडते. लिहिणारा सांगतो की हा वाहणारा दगड आहे, तो शिशासारखा वितळतो, लाल असतो आणि थिजला की काळा होतो. आगीच्या या नदीची लांबी तो चार फरसख देतो, म्हणजे साधारण बावीस-चोवीस किलोमीटर. विसाव्या शतकात भूशास्त्रज्ञांनी तोच प्रवाह मोजला तेव्हा तो २३ किलोमीटर भरला. घाबरलेल्या शहरात बसून लिहिलेल्या पत्रासाठी हे मोजमाप उत्तमच म्हणायचे.

आता हा शिलारस येतो कुठून? आमच्या वर्गात दरवर्षी एखादे मूल पृथ्वीचे चित्र काढते आणि कवचाखालचा सगळा भाग लाल रंगवून त्यावर ‘लाव्हा’ असे लिहिते. चित्र छान असते, पण आपल्या पायाखाली तसा आगीचा समुद्र नाही. कवचाच्या खाली सुमारे २९०० किलोमीटर खोलीपर्यंत जे प्रावरण आहे, ते जवळजवळ सगळे घन दगडाचे आहे. भूकंपाच्या काही लहरी द्रवातून जाऊच शकत नाहीत, आणि त्या प्रावरणातून आरपार जातात. दगड तिथे प्रचंड तापलेला असतो, तेराशे अंशांच्याही वर, पण वरच्या भाराने इतका दाबलेला असतो की वितळू शकत नाही.

प्रेशर कुकर आठवा. कुकरमधले पाणी १०० अंशांच्या पुढे, १२० अंशांपर्यंत तापते, तरी बरेचसे पाणीच राहते, कारण दाब आहे. दाब एकदम सुटला तर तेच पाणी आच न वाढवता उसळून वाफ होते. दगडाचेही असेच. प्रावरणातला तापलेला घन दगड वर्षाला काही सेंटीमीटर अशा संथ गतीने वर सरकतो. वर येताना त्याच्यावरचा भार कमी होतो, आणि एका टप्प्यावर तो वितळू लागतो. नवी आच कुठूनच आलेली नसते, फक्त दाब सुटलेला असतो.

तोही सगळा वितळत नाही. निहारीचे भांडे मंद आचेवर असते तेव्हा आधी चरबी सुटते, मांस आणि हाडे तशीच राहतात, आणि हलका तवंग वर चढतो. प्रावरणातल्या दगडाचा असाच थोडा भाग, बहुधा शंभरातले पाच ते वीस, वितळतो. हा रस आजूबाजूच्या दगडापेक्षा हलका असतो, म्हणून वरची वाट धरतो. हाच बेसॉल्टचा शिलारस. कधी कधी तो घाईने वर येताना प्रावरणाचे न वितळलेले हिरवे तुकडेही सोबत घेऊन येतो. अरबस्तानातल्या काही हर्रांमध्ये ते सापडतात. त्यातले हिरवे खनिज म्हणजे ऑलिव्हिन, आणि त्याचाच रत्नाच्या प्रतीचा खडा म्हणजे उर्दूत ज्याला आपण जबरजद म्हणतो तो. लाल समुद्रात या नावाचे एक बेटच आहे.

लाल समुद्राचे नाव इथे उगाच आलेले नाही. गेल्या अडीच-तीन कोटी वर्षांत अरबस्तानचा भूखंड आफ्रिकेपासून दूर सरकत आला आणि मधल्या भेगेत हा समुद्र तयार झाला. भूखंड ताणला गेला, कडेला पातळ झाला, खालचा तप्त दगड वर येऊ लागला आणि दाब सुटला. पश्चिम अरबस्तानात एकामागून एक हर्रे आहेत, त्याचे मोठे कारण हे.

शिलारस मोकळ्या नळीतून वर येत नाही. तो दगडात भेग पाडतो, तिच्यात पाचरीसारखा घुसतो, पुढे पुन्हा भेग पाडतो. मदीनेत आधी धक्के बसले ते अशाच दगड फोडत येणाऱ्या शिलारसामुळे. त्याच्यात पाण्याची वाफ, कार्बन डायऑक्साइड, गंधकाचा वायू विरघळलेला असतो. पृष्ठभाग जवळ आला की सोड्याच्या बाटलीचे बूच काढल्यासारखे बुडबुडे सुटतात आणि रस कारंज्यासारखा उडतो. १२५६ मध्ये सव्वादोन किलोमीटर लांबीच्या भेगेवर सहा शंकू उभे राहिले. ते या उडालेल्या शिंतोड्यांचेच ढीग आहेत.

मग मोठा स्फोट का झाला नाही? बेसॉल्टच्या रसात सिलिका निम्म्याच्या आसपास असते आणि तो ११०० ते १२०० अंश तापलेला असतो. त्यामुळे तो पातळ राहतो आणि बुडबुडे सहज निसटतात. सिलिका वाढली की रस चिवट गोळ्यासारखा होतो, वायू आत कोंडतो आणि मग १८८३ मध्ये क्राकाटोआला झाला तसा स्फोट होतो. बेसॉल्टमध्ये मागे राहिलेले बुडबुडे दगडातली भोके होऊन बसतात. आपल्याकडे विहीर खणणारे अशा भोकाभोकांच्या दगडाला मांजऱ्या म्हणतात. पुढे त्या भोकांत पाण्यातून खनिजे साचली आणि नाशिक-पुण्याकडच्या सुंदर गारगोट्या तयार झाल्या.

मदीनेचा प्रवाह ५२ दिवस चालू होता. त्यात सुमारे अर्धा घन किलोमीटर रस बाहेर पडला. तो उत्तरेकडे वाहत गेला आणि शहरापासून सुमारे ८ किलोमीटरवर थांबला. वरची साय थिजते, फुटते, तिचे तुकडे पुढे ढकलले जातात आणि खालून नवा रस येतो, अशी ही चाल असते. माणूस तिच्यापुढे सहसा चालत निघून जाऊ शकतो. घर आणि शेत तेवढे उचलून नेता येत नाही.

एक गैरसमज इथेच दूर करू. त्याच वर्षी रमजानमध्ये मस्जिदे नबवीला आग लागली होती, आणि पुष्कळ लोक या दोन घटना एक करून सांगतात. मस्जिदीची आग दिवाबत्तीच्या निष्काळजीपणातून लागली. शिलारस मस्जिदीपर्यंत पोचलाच नव्हता.

संथ आहे म्हणून बेसॉल्ट निरुपद्रवी, असेही नाही. १७८३ मध्ये आइसलँडमधल्या लाकीच्या भेगेतून आठ महिने असाच रस वाहिला. त्याबरोबर आलेल्या विषारी वायूने गवत नासले, जनावरे मेली, दुष्काळ पडला आणि देशातली जवळजवळ पाचवा हिस्सा माणसे गेली. त्यातली लाव्हाखाली सापडून मेलेली शोधायची तर हाती काही लागणार नाही.

म्हणून २००९ ची गोष्ट महत्त्वाची वाटते. मदीनेच्या वायव्येला हर्रत लुनय्यिर भागात एप्रिल ते जून या काळात तीस हजारांहून अधिक भूकंप नोंदले गेले. बहुतेक बारीक होते, मोठा मे महिन्यात झाला. जमिनीवर आठ किलोमीटर लांबीची भेग दिसू लागली. सौदी सरकारने सुमारे ४०,००० लोकांना हलवले. उपग्रहांच्या मोजणीत दिसले की शिलारसाची एक उभी पाचर पृष्ठभागाखाली दोनेक किलोमीटरवर येऊन ठेपली आहे. आणि ती तिथेच थांबली. उद्रेक झाला नाही, धक्के ओसरले, लोक घरी परतले. ‘उगाच हलवले’ असे तेव्हा काहींना वाटले असेलच. आम्हाला तसे वाटत नाही. पाचर थांबणार की वर येणार, हे त्या दिवसांत खात्रीने कोणालाच सांगता आले नसते, आणि १२५६ ची सुरुवातही धक्क्यांनीच झाली होती.

खरे तर वर निघालेल्या शिलारसाचा मोठा भाग असाच वाटेत थिजून जातो. अशी वाट प्रत्यक्ष पाहायला अरबस्तानात जायला नको. धुळे-नंदुरबारकडे एसटीने निघालात तर खिडकीशी बसा. शेतांमधून सरळ रेषेत धावणाऱ्या, भिंतीसारख्या काळ्या दगडी रांगा दिसतील. कोणी बांधल्यासारख्या वाटतात, पण त्या साडेसहा कोटी वर्षांपूर्वी भेगेत थिजलेल्या शिलारसाच्या पाचरी आहेत. भोवतीचा दगड झिजून गेला आणि त्या उभ्या राहिल्या.