हृदय कामाला लावून तपासा

एप्रिल २०२१ आठवून बघा. करोनाची दुसरी लाट भरात होती आणि राज्याच्या सार्वजनिक आरोग्य विभागाने लोकांना घरच्या घरी एक चाचणी करायला सांगितले होते. बोटाला पल्स ऑक्सिमीटर लावायचा, आकडा लिहून ठेवायचा, खोलीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत सहा मिनिटे चालायचे आणि पुन्हा आकडा बघायचा. ऑक्सिजन ९३च्या खाली गेला किंवा तीन टक्क्यांहून अधिक उतरला, तर रुग्णालय गाठायचे. साठीच्या पुढच्यांना तीनच मिनिटे चालायची मुभा होती. डॉक्टर नसलेल्या लाखो माणसांना तेव्हा एक गोष्ट आपोआप समजली : बसलेल्या माणसाचा आकडा चांगला असला, तरी चालल्यावर तो चांगला राहीलच असे नाही.

लाट ओसरली. ऑक्सिमीटर औषधांच्या डब्यात तळाला गेला आणि ती समजही त्याच्याबरोबर गेली. आज हृदय तपासायचे म्हटले की आपण पुन्हा माणसाला आडवा झोपवतो, छातीला तारा लावतो आणि ‘ईसीजी नॉर्मल’ असा कागद हातात देतो. माझे म्हणणे एवढेच आहे की हा कागद अर्धवट आहे आणि उरलेला अर्धा भाग मिळवायला लागतात फक्त सहा मिनिटे.

हे मी शहाणपणाने सांगत नाही, चूक करून शिकलो म्हणून सांगतो आहे. काही वर्षांपूर्वी ५२ वर्षांचे एक शिक्षक माझ्याकडे आले. डोंगरातल्या एका यात्रेला जायचे होते आणि त्यासाठी तंदुरुस्तीचा दाखला हवा होता. रक्तदाब ठीक, साखर ठीक, ईसीजी नॉर्मल. ‘छातीत कधी दुखतं का?’ असे विचारले. ते ‘नाही’ म्हणाले आणि मी सही केली. यात्रेच्या पहिल्याच चढणीवर त्यांच्या छातीवर दडपण आले. सुदैवाने सोबतच्यांनी त्यांना तिथूनच परत खाली आणले. पुढे अँजिओग्राफी झाली. दोन धमन्या बऱ्याच अरुंद झालेल्या निघाल्या.

त्यांच्या पत्नी भेटायला आल्या तेव्हा म्हणाल्या, ‘‘डॉक्टर, हे वर्षभर दुसऱ्या मजल्यावर थांबायचे. विचारलं की म्हणायचे, फोन बघतोय.’’ सर खोटे बोलत नव्हते. जिथे दम लागतो तिथे माणूस नकळत वेग कमी करतो, भाजी आणायला मुलाला पाठवतो, लिफ्टची वाट बघतो. त्रास होईल तेवढे चालायचेच नाही, म्हणजे त्रास होत नाही. मग डॉक्टरांनी विचारले की उत्तर खरेच ‘नाही’ असे येते. त्या दिवशी मी त्यांना दवाखान्याच्या व्हरांड्यात सहा मिनिटे चालायला लावले असते तर आजार सापडलाच असता, असा माझा दावा नाही. पण मला प्रश्न नक्की पडला असता, आणि सही करण्याआधी मी त्यांना पुढच्या तपासणीला पाठवले असते.

बसल्या जागी हे का कळत नाही, ते समजायला अवघड नाही. स्वस्थ बसलेल्या माणसाचे हृदय मिनिटाला साधारण पाच लिटर रक्त पुढे ढकलते. जिना चढताना, भरभर चालताना ही गरज दुप्पट-तिप्पट होते आणि हृदयाच्या स्नायूलाही तेवढाच जास्त रक्तपुरवठा लागतो. धमनी ७० टक्के अरुंद झाली असली, तरी विश्रांतीतली गरज बहुतेक वेळा भागते. तुटवडा दिसतो तो मागणी वाढल्यावर. उन्हाळ्यात सगळ्या बिल्डिंगचे नळ एकदम सुटले की वरच्या मजल्यावर पाणी चढत नाही, तसेच हे आहे. रात्री दोन वाजता नळ सोडून बघितला, तर पाइप चांगलाच वाटणार.

म्हणून हृदयाला कामाला लावून बघायच्या चाचण्या निघाल्या. त्यातली सर्वांना ठाऊक असलेली म्हणजे ट्रेडमिलवरची स्ट्रेस टेस्ट. सिएटलच्या डॉ. रॉबर्ट ब्रूस यांनी तिची आजही वापरात असलेली पद्धत १९६३ मध्ये मांडली. दर तीन मिनिटांनी पट्ट्याचा वेग आणि चढ वाढत जातो आणि माणूस शक्य तेवढा थकेपर्यंत चालतो. ही चाचणी मोलाची आहे, पण तिला यंत्र, तज्ज्ञ डॉक्टर आणि आणीबाणीची तयारी लागते. प्रत्येकाची ती करता येत नाही आणि करूही नये.

दुसरा प्रकार सबमॅक्सिमल चाचण्यांचा. माणसाला पूर्ण दमवायचे नाही, ठरावीक आणि बेताचे काम द्यायचे आणि त्या कामाला हृदय कसा प्रतिसाद देते ते बघायचे. एकच जिना चढून एकाची नाडी ११० वर जाते आणि दुसऱ्याची १५०वर. काम सारखेच, पण दुसऱ्याच्या हृदयाला ते महाग पडले. या साध्या निरीक्षणावर स्टॉकहोमच्या ऑस्ट्रांड आणि राइमिंग या संशोधकांनी १९५४ मध्ये सायकलवरची चाचणी उभी केली. सहा मिनिटे सायकल मारायची आणि शेवटच्या नाडीवरून माणसाची एकूण क्षमता किती असेल याचा अंदाज बांधायचा. पुढे ब्रिटनमधल्या डॉक्टरांनी फुप्फुसाच्या रुग्णांसाठी बारा मिनिटे चालण्याची चाचणी काढली. आजारी माणसाला ती जड जाते म्हणून १९८२ मध्ये ती सहा मिनिटांवर आणली. २००२ मध्ये अमेरिकन थोरॅसिक सोसायटीने तिचे नियम पक्के केले : ३० मीटरचा सपाट व्हरांडा, वळायला दोन खुणा, एक घड्याळ आणि एक खुर्ची. रुग्णाने आपल्या वेगाने, पण जमेल तेवढे जास्त अंतर चालायचे. दम लागला तर थांबायची मुभा, मात्र घड्याळ चालूच राहते. निरोगी प्रौढ माणूस साधारण ४०० ते ७०० मीटर चालतो. वय, उंची आणि वजनाप्रमाणे हा आकडा बदलतो.

आपल्याकडे ‘फुल बॉडी चेकअप’ची पॅकेजे आता मिठाईच्या बॉक्ससारखी विकली जातात. साठ-सत्तर तपासण्यांची यादी असते. दर वर्षी जीवनसत्त्वे मोजून घेणारी माणसे मला माहीत आहेत. पण या यादीत ‘माणूस किती चालतो’ हे क्वचितच असते, आणि आयुष्याचा अंदाज बांधायला ते फार उपयोगी आहे. २००२ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अमेरिकेतल्या एका मोठ्या अभ्यासात ६,२१३ पुरुषांची ट्रेडमिलवर क्षमता मोजून त्यांच्यावर काही वर्षे लक्ष ठेवले गेले. स्वस्थ बसल्यावर शरीर जेवढा ऑक्सिजन वापरते, त्याला एक मेट म्हणतात. क्षमता एका मेटने जास्त असली, तर जगण्याची शक्यता १२ टक्क्यांनी सुधारलेली दिसली. रक्तदाब, मधुमेह, धूम्रपान या सगळ्यांपेक्षा ही क्षमता मृत्यूच्या धोक्याविषयी अधिक सांगत होती. २०१६ मध्ये अमेरिकन हार्ट असोसिएशनने तर नाडी आणि रक्तदाबाच्या बरोबरीने या क्षमतेची नोंद नेहमीच्या तपासणीत व्हावी, असे सांगितले. आपल्या दवाखान्यांत ही सूचना अजून फारशी पोहोचलेली नाही.

माझे काही हृदयरोगतज्ज्ञ मित्र यावर आक्षेप घेतात आणि त्यात तथ्य आहे. सबमॅक्सिमल चाचणी अंदाज देते, निदान नाही. अनेक चाचण्यांचे गणित ‘२२० वजा वय’ या सूत्रावर उभे असते. पन्नाशीच्या माणसाची नाडी जास्तीत जास्त १७० असेल, असे हे सूत्र सांगते. प्रत्यक्षात त्याच वयाच्या दोन निरोगी माणसांत वीस ठोक्यांचा फरक सहज असू शकतो. रक्तदाबासाठी बीटा ब्लॉकर गटातली गोळी चालू असेल, तर नाडी मुळातच दबलेली असते आणि हिशोब चुकतो. गुडघे दुखत असले तर अंतर कमी भरते, त्यात हृदयाचा दोष नसतो. आणि सगळ्यात महत्त्वाचे म्हणजे सहा मिनिटांत ५५० मीटर चाललात म्हणून धमन्यांत अडथळा नाही, असे कोणीही लिहून देऊ शकत नाही. छातीत दुखणाऱ्या माणसाने या चाचणीवर विसंबणे धोक्याचे आहे. त्याला ईसीजी, स्ट्रेस टेस्ट, डॉक्टर सांगतील ते सगळे लागणारच.

पण या आक्षेपातून ‘म्हणून करूच नये’ हा निष्कर्ष निघत नाही. थर्मामीटर मलेरियाचे निदान करत नाही, तरी आपण ताप मोजतोच. या चाचणीचा खरा उपयोग दुसऱ्याशी तुलना करण्यात नसून स्वतःच्या मागच्या आकड्याशी करण्यात आहे. गेल्या वर्षी ५२० मीटर चालणारा माणूस यंदा ४३० वर थांबला आणि गुडघे, वजन, औषधे यांत काही बदललेले नसेल, तर डॉक्टरने खुर्ची पुढे ओढून नीट चौकशी केली पाहिजे. सरांचा तसा मागचा आकडा माझ्याकडे असता, तर दुसऱ्या मजल्यावरचा तो ‘फोन’ मला आधीच ऐकू आला असता.

घरी काय करता येईल? ज्यांना काही त्रास नाही त्यांनी साधारण एक फूट उंचीच्या भक्कम पायरीवर तीन मिनिटे चढ-उतार करावी. मिनिटाला २४ वेळा, एका लयीत. संपताच खाली बसून पूर्ण एक मिनिट नाडी मोजावी आणि तारखेसह वहीत लिहावी. दोन-तीन महिने नियमित चालल्यावर पुन्हा करावी. तेवढ्याच कामाला नाडी कमी लागली, तर हृदय तुम्हाला शाबासकी देते आहे असे समजा. रोजच्या चालण्यात तर वहीही नको. सोबत्याशी बोलता येते पण गाणे म्हणता येत नाही, हा बहुतेकांसाठी योग्य वेग. बोलतानाच वाक्य तुटू लागले, तर वेग जास्त झाला.

मात्र छातीत, जबड्यात किंवा डाव्या हातात दडपण येत असेल, चक्कर येत असेल, अलीकडे हृदयविकाराचा झटका येऊन गेला असेल, रक्तदाब ताब्यात नसेल किंवा पायांवर सूज असेल, तर यातले काहीही घरी करू नये. आधी डॉक्टरांकडे जावे.

उरला प्रश्न व्यवस्थेचा. तीस वर्षांवरच्या नागरिकांची रक्तदाब, मधुमेह आणि काही कर्करोगांसाठी तपासणी करण्याचा सरकारी कार्यक्रम गावपातळीवर चालू आहे. त्या कागदावर ‘सहा मिनिटांत किती मीटर’ एवढा एक रकाना वाढवायला नवे यंत्र लागत नाही. व्हरांडा आहे, घड्याळ आहे, ऑक्सिमीटर करोनाने देऊन ठेवला आहे. लागेल ते थोडे प्रशिक्षण आणि वेळ. तसेच यात्रेसाठी, ट्रेकसाठी, मॅरेथॉनसाठी, जिमच्या प्रवेशासाठी जे तंदुरुस्तीचे दाखले आपण डॉक्टर देतो, ते माणसाला एकदाही न चालवता देणे बंद केले पाहिजे. जो दाखला चढण्यासाठी आहे, तो झोपवून कसा देता येईल?

सरांची अँजिओप्लास्टी झाली. आता ते दर सहा महिन्यांनी येतात आणि मी काही म्हणायच्या आधीच व्हरांड्यात चालायला लागतात. पहिल्यांदा ३६० मीटर झाले होते, गेल्या खेपेला ४९० भरले. वहीत आकडा लिहून झाला की ते विचारतात, ‘‘डॉक्टर, आता यात्रेचा दाखला?’’ त्याचे उत्तर आम्ही दोघे मिळून शोधतो आहोत. पण त्या कागदावर आता माझी सही एकटी नसेल, तिच्या वर मीटरचा आकडाही असेल.